नाचणी ४० टक्के

आमच्या बचत गटाची नाचणी बिस्किटं बाजारात येईपर्यंत सगळ्यात जास्त भांडणं झाली ती पाकिटावर काय छापायचं यावरून. गट आजरा तालुक्यातला. पापड, कुरडया, भाजणी आणि मोड आणलेल्या नाचणीचं पीठ हा आमचा जुना धंदा. बी.कॉम. झालेली मी एकटीच, म्हणून सचिवपद माझ्याकडे. त्यासोबत कागदपत्रं, ऑनलाइन फॉर्म आणि शेवटी पाकिटावरचा मजकूरही माझ्याच गळ्यात पडला.

२०२३ हे आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष होतं. त्या वर्षात आमच्याकडे प्रशिक्षणांचा नुसता पाऊस पडला. जो तो सांगायचा, पीठ विकून काय मिळतं, पदार्थ करून विका. ते खरंही होतं. नाचणी आमच्या डोंगरउतारावर पिकते, बायकांना तिची सवय आहे आणि शहरात तिला आता मान आलाय. आम्ही बिस्किटं ठरवली. तालुक्याच्या गावातल्या एका भट्टीवाल्या मामांनी आठवड्यातले ठरावीक दिवस भट्टी द्यायचं कबूल केलं.

पहिला धडा मामांनीच दिला. नाचणीत ग्लुटेन, म्हणजे गव्हाच्या पिठाला चिकटपणा देणारं प्रथिन, नसतं, त्यामुळे नुसत्या नाचणीचं बिस्किट हातात घेतलं की भुगा होतो. मामा म्हणाले, "वहिनी, आठ टक्के नाचणी घाला की. बाकी मैदा. वरनं कॅरॅमलचा रंग टाकला की लोकाला नाचणीच वाटतीय. सगळी अशीच करत्यात." मी दुकानातून दोन-तीन ब्रँडचे नाचणीचे पुडे आणून मागची बारीक अक्षरं वाचली. मामा खोटं बोलत नव्हते. पुढे नाचणीचं भलंमोठं कणीस आणि मागे घटकांच्या यादीत पहिलं नाव मैद्याचं. घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने लिहायचे असा नियम आहे, म्हणजे पहिलं नाव ज्याचं, तोच माल सगळ्यात जास्त. पाकिटावर ज्या घटकाचा गाजावाजा केलाय त्याची टक्केवारी लिहावी लागते. ती लिहिलेली होती, पण ती शोधायला माझ्या सासूबाईंचा चष्मा पुरला नसता.

बऱ्याच परातींची वाट लावल्यावर आमचं प्रमाण बसलं. नाचणी ४० टक्के, गव्हाचं पीठ १५, गूळ २४, तूप १८ आणि उरलेल्यात वेलची, सोडा, मीठ. बिस्किट जाड झालं, थोडं खरखरीत, पण तुटत नव्हतं.

मग अन्न परवान्याचं काम. तेव्हा वर्षाची उलाढाल १२ लाखांच्या आत असली की परवाना लागत नव्हता, नोंदणी पुरायची. वर्षाला १०० रुपये शुल्क, फोटो, ओळखपत्र, पत्त्याचा पुरावा एवढंच लागलं. नोंदणी झाली की १४ आकडी नंबर येतो. नोंदणीचा नंबर २ ने सुरू होतो, मोठ्या परवान्याचा १ ने, आणि त्यापुढचे दोन आकडे राज्याचे. महाराष्ट्राचे १५. आमचा नंबर आला तेव्हा बायकांनी पेढे वाटले. मीही खूश होते. पण एक गोष्ट मनात अडकली. या सगळ्या प्रक्रियेत आमच्या पाकिटावर काय छापणार आहात, हे कोणीही विचारलं नाही. विचारायचा तो टप्पाच नव्हता. पुड्यावर एफएसएसएआयचा (केंद्राच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाचा) शिक्का बघून गिऱ्हाईक समजतं की सरकारने यावरचा शब्दन् शब्द तपासलाय. मीही कालपर्यंत तेच समजत होते. प्रत्यक्षात तो नंबर एवढंच सांगतो की हा माल कोणी बनवला याची दप्तरी नोंद आहे. मजकुराची जबाबदारी छापणाऱ्याची. कोणी तक्रार केली किंवा अधिकाऱ्याने नमुना उचलला तर पुढची गोष्ट.

मग मजकूर ठरतो कुठे? आमचा ठरला गडहिंग्लजच्या एका डिझायनरच्या संगणकावर. पोरगा हुशार, हात झरझर चालणारा. त्याने आमचं नाव विचारलं, वजन विचारलं आणि अर्ध्या तासात पाकीट तयार करून समोर ठेवलं. हिरवा रंग, पानं, हसणारी आई आणि मूल. वर 'शुगर फ्री', खाली 'डायबेटिक फ्रेंडली', एका गोलात '१०० टक्के नॅचरल', दुसऱ्यात 'इम्युनिटी बूस्टर', कोपऱ्यात 'ग्लुटेन फ्री' आणि तळाशी 'डॉक्टरांनी शिफारस केलेले'.

मी म्हटलं, "अरे, कुठल्या डॉक्टरांनी?"

"मॅडम, ते टेम्प्लेटमध्ये असतंय."

हे त्याने इतक्या सहज सांगितलं की मला हसू आलं. त्याच्याकडे फोल्डरच होतं, 'हेल्दी फूड' नावाचं. मागच्या गिऱ्हाइकाचं पाकीट उघडायचं, नाव बदलायचं, फोटो बदलायचा, दावे तसेच ठेवायचे. त्या मागच्या गिऱ्हाइकानेही कुठल्यातरी मोठ्या कंपनीचा पुडा नमुना म्हणून दाखवलेला असणार. मोठ्या कंपनीने निदान वकिलाला विचारून, तारांकित करून, खाली मुंगीएवढी टीप टाकून लिहिलेलं असतं. नकलेत टीप गळते, दावा राहतो.

प्रशिक्षणात ओळख झालेल्या, फूड टेक्नॉलॉजी शिकवणाऱ्या एक मॅडम होत्या. त्यांना मी ते पाकीट व्हॉट्सॲपवर पाठवलं. त्यांनी थेट बोलावूनच घेतलं. टेबलावर प्रिंट ठेवली, हातात लाल पेन घेतलं. समोर २०१८ चे जाहिरात आणि दाव्यांविषयीचे विनियम. २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याखाली केलेले, जुलै २०१९ पासून लागू. तोवर असं काही असतं हे मला माहीतच नव्हतं.

"शुगर फ्री म्हणजे १०० ग्रॅममध्ये अर्ध्या ग्रॅमपेक्षा जास्त साखर नको. तुमच्यात गूळ किती?"

"चोवीस टक्के. पण मॅडम, साखर नाहीये, गूळ आहे."

"गूळ म्हणजे काय मग?"

हा प्रश्न पुढे मी शंभर ठिकाणी विचारला असेन. गुळात लोह असतं, चव असते, उसाचा वास असतो, आणि बहुतांश साखरच असते. साखरेचा कण न घालता गूळ, मध, खजुराचा पाक ओतायचा आणि पुढे 'नो ॲडेड शुगर' लिहायचं, हे बाजारात सर्रास चालतं. विनियमात मात्र स्पष्ट आहे: कुठल्याही प्रकारची साखर घातलेली नसेल तरच तो दावा करता येतो, आणि मधही त्यात धरलाय. आम्हाला फार तर 'गुळात बनवलेली' लिहिता येणार होतं. ते खरं होतं.

लाल पेन पुढे सरकलं. 'डायबेटिक फ्रेंडली' गेलं. एखादा पदार्थ आजार बरा करतो किंवा टाळतो असं सुचवायला खास परवानगीशिवाय मनाईच आहे. आजाऱ्याला चालतो म्हणायचं तर त्यामागे पुरावा लागतो, आणि एवढ्या गुळाच्या बिस्किटाला तो कुठून आणणार? 'डॉक्टरांनी शिफारस केलेले' तर कोणाच्याच पाकिटावर चालत नाही, शिफारस खरी असली तरी. 'नॅचरल' हा शब्द, काहीही न मिसळलेल्या, फारशी प्रक्रिया न केलेल्या एकाच पदार्थाला लावायचा. सोडा घालून भाजलेलं बिस्किट त्यात बसत नाही. 'इम्युनिटी बूस्टर'वर त्यांनी काही बोलल्याशिवायच काट मारली.

'ग्लुटेन फ्री'पाशी मात्र मी अडले. पंधरा टक्के गहू होता, त्यामुळे बिस्किटाचा प्रश्नच नव्हता. पण आमचं नाचणीचं पीठ? त्यात दुसरं काहीच नाही. मॅडमनी विचारलं, दळता कुठे? गावातल्या गिरणीत. त्याच जात्यावर सकाळी गहू दळतात ना? दळतात. मग नाही. किलोमागे २० मिलिग्रॅमपेक्षा कमी ग्लुटेन असेल तरच तो शब्द लिहायचा, आणि गव्हानंतर दळलेल्या पिठात ते प्रमाण सहज ओलांडलं जाऊ शकतं. ज्या माणसाला खरोखर सिलिॲक, म्हणजे ग्लुटेन न सोसण्याचा आजार आहे तो या दोन शब्दांवर विश्वास ठेवून खाणार. हे ऐकल्यावर मी त्या शब्दाचा हट्ट सोडला. बाकी दाव्यांनी माणूस फसतो, याने आजारी पडतो.

पोषणतक्त्यासाठी नमुना प्रयोगशाळेत गेला. फी ऐकून अध्यक्षीणबाईंनी कपाळावर हात मारला. अहवाल आला, तो असा: १०० ग्रॅममागे ऊर्जा ४६० किलोकॅलरी, प्रथिनं ४.८ ग्रॅम, एकूण साखर २२ ग्रॅम, मेद १९ ग्रॅम, त्यातला संपृक्त मेद (सॅच्युरेटेड फॅट) ११, तंतुमय पदार्थ ६.२ ग्रॅम, कॅल्शियम १७१ मिलिग्रॅम.

हा कागद हाती आला आणि माझी स्वतःच्या बिस्किटाकडे बघायची नजरच बदलली. लेबलसाठी दिवसाची धरलेली मर्यादा असते: घातलेली साखर ५० ग्रॅम, संपृक्त मेद २२ ग्रॅम. म्हणजे आमचा १०० ग्रॅमचा पुडा चहासोबत एकट्याने संपवला (आणि तो संपतो, हे मी सांगते) तर संपृक्त मेदाची निम्मी मर्यादा तिथेच संपली. कारण काय, तर ज्याचा आम्हाला सगळ्यात जास्त अभिमान होता ते साजूक तूप.

डिझायनरला तक्ता नेऊन दिला तर तो म्हणाला, "मॅडम, सर्व्हिंग साइझ एक बिस्किट धरूया." तेव्हा मला कळेना. मग आकडे मांडले. एक सर्व्हिंग म्हणजे २५ ग्रॅम, तीन बिस्किटं, असं धरलं तर दिवसाच्या साखरेतले अकरा टक्के दिसतात. एकच बिस्किट धरलं की साडेतीन-पावणेचार. आकडा खोटा नाही, बेरीज खोटी नाही. फक्त या जगात एक नाचणी बिस्किट खाऊन थांबणारा माणूस गृहीत धरलाय. त्या दिवसापासून कुठलाही पुडा हातात आला की मी आधी 'पर सर्व्ह' म्हणजे किती ग्रॅम ते बघते. चिप्सच्या, सरबताच्या, मुलांच्या दुधात घालायच्या पावडरच्या पुड्यांवर फार मनोरंजक उत्तरं मिळतात.

प्रथिनांची तर वेगळीच गंमत. प्रौढाच्या दिवसाच्या गरजेच्या १० टक्के प्रथिनं १०० ग्रॅममध्ये असली की 'प्रथिनांचा स्रोत' असं लिहिता येतं. गरज ५४ ग्रॅम धरली तर ५.४ ग्रॅम झाली की पुरे. आमच्यात ४.८. साध्या मैद्याच्या ग्लुकोज बिस्किटात साडेसहा-सात असतात. म्हणजे नाचणी घालून आम्ही नापास, मैदावाला पास! कायद्यात बसणारा दावा गिऱ्हाइकाच्या उपयोगाचाच असतो असं नाही, हे मला त्या एका आकड्याने जितकं समजलं तितकं कुठल्या व्याख्यानाने समजलं नसतं.

तंतुमय पदार्थांत आम्ही पास होतो. १०० ग्रॅममागे ३ ग्रॅम असले की 'स्रोत', ६ असले की 'भरपूर'. गटाच्या बैठकीत मी हे मोठ्या उत्साहाने सांगितलं. एक मावशी म्हणाल्या, "तंतुमय बगून कोण बिस्कीट घेतंय गं? कॅल्शियमचं काय ते सांग."

कॅल्शियमवर मोठा वाद झाला, कारण नाचणी म्हटलं की कॅल्शियमच लोकांच्या तोंडी असतं. १०० ग्रॅम नाचणीत साधारण साडेतीनशे मिलिग्रॅम असतं, गव्हा-तांदळापेक्षा कितीतरी पट. पण बिस्किटात नाचणी ४० टक्केच. दिवसाची गरज १००० मिलिग्रॅम, तिच्या १५ टक्के, म्हणजे १५० असेल तर 'कॅल्शियमचा स्रोत' लिहिता येतं. आमच्यात १७१. बसत होतं. सगळ्या खूश झाल्या, छापायचं ठरलं. मॅडमनी एवढंच विचारलं की नाचणी दर वेळी त्याच शेतातली असणार का? नसणार. कधी आजऱ्याची, कधी कमी पडली तर चंदगडकडची. मग पुढच्या मालाचाही नमुना काढा, म्हणाल्या. काढला. कॅल्शियम १४३ निघालं.

आठ टक्के नाचणीवाल्यांच्या पुड्यावर कॅल्शियमचे दावे कसे असतात, याचं उत्तरही तेव्हाच मिळालं. बऱ्याचदा कॅल्शियम कार्बोनेट वरून मिसळलेलं असतं. तेही नियमात बसतं. चित्र नाचणीचं, कॅल्शियम पावडरचं.

मग पुढच्या बैठकीत हे दावे छापायचेच नाहीत असं मी म्हटलं, तेव्हा फार एकटी पडले. "सगळी लिवत्यात, आपणच हरिश्चंद्राचा अवतार का व्हायचं?" हा प्रश्न रास्त होता. फसव्या जाहिरातीला १० लाखांपर्यंत दंड आहे, हे मी सांगितलं. त्यावर उत्तर आलं की मोठ्यांना कोण दंड करतंय? त्यावर माझ्याकडे पूर्ण उत्तर नव्हतं, पण थोडं होतं. जून २०२४ मध्ये एफएसएसएआयने फळांच्या रसावरचा '१०० टक्के' हा दावा काढायला लावला होता, कारण त्यातले बरेच रस आटवलेल्या अर्कात पाणी घालून परत तयार केलेले असतात. त्याच वर्षी एप्रिलमध्ये केंद्र सरकारने ऑनलाइन दुकानांना सांगितलं होतं की बोर्नव्हिटासारखी पेयं 'हेल्थ ड्रिंक' या सदरात ठेवू नका, कारण कायद्यात हेल्थ ड्रिंक अशी वर्गवारीच नाही. पोरांना दुधात ते घालून वाढवणाऱ्या आम्ही सगळ्या. अध्यक्षीणबाई बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "मंजे कायद्यात नव्हतंच आनि टीव्हीवर इतकी वर्षं सांगत हुते?"

शेवटी सौदा झाला. पुढे मोठ्या अक्षरात 'नाचणी ४० टक्के', खाली 'गुळात आणि साजूक तुपात बनवलेली'. बाकी काही नाही. तोही माझ्या युक्तिवादामुळे नव्हे. छपाईच्या खर्चामुळे. चांगल्या छापील पाकिटाला प्रत्येक रंगाचा सिलिंडर करावा लागतो आणि माल हजारोंच्या संख्येने काढावा लागतो. एकदा छापलेला दावा काढावा लागला तर सगळी पाकिटं रद्दीत. हे खजिनदार बाईंना लगेच पटलं. मी आणखी एक हट्ट धरला. घटकांची यादी इंग्रजीत किंवा हिंदीत द्यावीच लागते, पण सोबत मराठीत द्यायला कोणी अडवलेलं नाही. बाजारातल्या पुड्यांवर दावा मराठीत आणि घटक इंग्रजीत असतात, हे मी आता इतक्यांदा पाहिलंय की तो योगायोग वाटत नाही. आम्ही दोन्हीत छापले.

पुण्यातल्या एका प्रदर्शनात स्टॉल मिळाला. शेजारच्या स्टॉलवर खजुराचे लाडू, 'शुगर फ्री, डायबेटिक फ्रेंडली' अशी पाटी लावून. त्यांचा माल दुपारीच संपला. आमच्याकडे लोक यायचे, पाकीट उलटसुलट करायचे आणि विचारायचे, "शुगर फ्री आहे का?" नाही म्हटलं की पाकीट खाली. एक आजोबा म्हणाले, "मग नाचणीचा उपयोग काय?" मी त्यांना तक्ता दाखवला, २२ ग्रॅम साखर, तुम्हाला मधुमेह असेल तर हे तुमच्यासाठी नाही असं सांगितलं. ते म्हणाले, "पण शेजारी तर आहे." आणि गेले. मागे उभ्या असलेल्या आमच्या मावशींनी माझ्याकडे असं बघितलं की मी पाणी प्यायच्या निमित्ताने उठले.

काही जणांना मात्र टक्केवारी दिसत होती. विशेषतः लहान मुलांच्या आया. त्या पुढचं बघायच्याच नाहीत, थेट मागची बाजू. त्यातली एक म्हणाली, "चाळीस? मी घेते त्यात सात आहे." ती सहा पुडे घेऊन गेली आणि नंतर कुरिअरने मागवू लागली. असं गिऱ्हाईक कमी आहे, पण ते परत येतं. धंदा त्याच्यावर चालेल की नाही, हे अजून नक्की सांगता येत नाही. दिवाळीत चालला, नंतर थंडावला.

२०२५ च्या ऑक्टोबरात ओआरएसची, म्हणजे जुलाबात द्यायच्या मीठ-साखरेच्या पाण्याची बातमी आली. गोड पेयांच्या नावात 'ओआरएस' हा शब्द वापरायला एफएसएसएआयने बंदी केली. मागेपुढे काहीही जोडलं तरी चालणार नाही, असं स्पष्ट करून. हैदराबादच्या बालरोगतज्ज्ञ डॉ. शिवरंजनी संतोष यांनी त्यासाठी आठ वर्षं पाठपुरावा केला होता. जुलाब झालेल्या मुलाला तसलं गोड पाणी पाजलं की पाण्याचं शोषण होण्याऐवजी जुलाब वाढू शकतात. गटाच्या व्हॉट्सॲपवर ही बातमी मी टाकली नाही, त्या हरिश्चंद्रवाल्या मावशींनीच टाकली. खाली एक अंगठा आणि 'बगा'.

आता कोल्हापूरच्या एका व्यापाऱ्याला आमच्याकडून नाचणी माल्ट हवंय, दुधात घालायचं. त्याची अट, पुढे 'हेल्थ ड्रिंक, मुलांची उंची वाढवणारे' असं हवं. मी त्याला फोनवरच सांगितलं की यातलं एकही लिहिता येणार नाही. त्यावर तो म्हणाला, मग 'नो ॲडेड शुगर' तरी लिहा. ते मात्र करता येण्यासारखं वाटतं. गूळ, खजूर, माल्टोडेक्स्ट्रिन (स्टार्चपासून केलेली पावडर), काहीही न घालता नुसती मोडाची नाचणी, वेलची आणि सुंठ. मोड आल्यावर स्टार्चची थोडी साखर आपोआप होते, म्हणून सोबत 'यात नैसर्गिक साखर आहे' हेही छापावं लागेल. व्यापारी म्हणतो, ते बारीक छापा. अध्यक्षीणबाई म्हणतात, दोन्ही एकाच मापाचं छापायचं, नाहीतर माल द्यायचा नाही. नमुना प्रयोगशाळेत गेलाय. फी या वेळी व्यापाऱ्याने भरलीय, आणि अहवालाची प्रत आधी आमच्याकडे येणार असं लिहून घेतलंय.